बनगाव १९७१: पाण्याला पंप नसतो

पेशीपटलातून पदार्थ आरपार कसे जातात हा धडा आपण सगळ्यांनी केलाय. बटाट्याचा काप मिठाच्या पाण्यात, बेदाणा साध्या पाण्यात, एक आकसतो, एक फुगतो, आकृती काढा, दोन मार्क. मी जीवशास्त्र शिकवतो आणि हा धडा आला की मला दरवेळी एकच प्रकरण सांगावंसं वाटतं, ते म्हणजे १९७१ च्या जूनमधलं पश्चिम बंगालमधलं बनगाव. तिथे कॉलऱ्याने हजारो माणसं मरणाच्या दारात होती आणि त्यातली बहुतेक वाचली ती याच धड्यातल्या नियमांवर, आणि ती का वाचली हे नीट उलगडलं तर पॅसिव्ह ट्रान्सपोर्टमधलं, म्हणजे ऊर्जा न खर्चता होणाऱ्या वहनातलं, जवळजवळ सगळं त्यात येऊन जातं. म्हणून सविस्तर लिहितोय, लांबलंय, पण सावकाश वाचा.

काय झालं होतं

मार्च १९७१ मध्ये पूर्व पाकिस्तानात लष्करी कारवाई सुरू झाली आणि माणसं भारतात यायला लागली, वर्षाच्या शेवटापर्यंत हा आकडा एक कोटीच्या आसपास गेला. जेसोर रोडवर सीमेला लागून असलेलं बनगाव हे छोटंसं गाव, जूनपर्यंत त्या भागात साडेतीन लाखांच्या आसपास निर्वासित होते. वरून पाऊस, खाली चिखल, संडासची सोय नाही, प्यायचं पाणी तेच आणि धुवायचंही तेच, त्यामुळे कॉलरा पसरला नसता तरच नवल. गावच्या सरकारी दवाखान्यात कॉलऱ्यासाठी दोन खोल्या आणि १६ खाटा. बाकीचे पेशंट जमिनीवर.

कोलकात्यात जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाचं एक संशोधन केंद्र होतं, तिथले डॉ. दिलीप महालनबीस २४ जूनला टीम घेऊन बनगावला पोचले. ते मूळचे पूर्व बंगालातल्या किशोरगंजचे, म्हणजे समोर पडलेली माणसं त्यांच्याच मुलखातली. पुढे त्यांनी सांगितलेलं आहे की सलाईन लावायचं तर पेशंटच्या उलटी-जुलाबात अक्षरशः गुडघे टेकून बसावं लागायचं, आणि ४८ तासांत त्यांच्या लक्षात आलं की ही लढाई आपण हरतोय. सलाईनच्या बाटल्या पुरत नव्हत्या, आणि शीर शोधून सुई लावता येणारी माणसं टीममध्ये दोनच होती.

गणित बघा. ५० किलोचा माणूस कॉलऱ्याने पूर्ण सुकला की त्याच्या अंगातलं साधारण १० टक्के वजन पाण्यावाटे गेलेलं असतं, म्हणजे ५ लिटर. डोळे खोल गेलेले, आवाज बसलेला, पोटऱ्यांत गोळे, चिमटीत धरलेली कातडी तशीच उभी राहते, मनगटाला नाडी लागत नाही. हे ५ लिटर भरून काढायला अर्ध्या लिटरच्या दहा बाटल्या, आणि तेवढ्याने भागत नाही कारण जुलाब चालूच असतात, जोरात असेल तर मोठ्या माणसाला तासाला एक लिटरपर्यंत. पुढचे दोन-तीन दिवस जितकं जातंय तितकं भरत राहायचं. असे शेकडो पेशंट, रोज नवे. त्या वेळी तिथल्या कॉलऱ्याच्या पेशंटमध्ये मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांच्या घरात होतं.

मग तोंडाने पाणी द्यायचं की, असं कुणीही म्हणेल. इथेच सगळी गोम आहे. कॉलऱ्याच्या पेशंटला नुसतं पाणी पाजलं तर ते उपयोगी पडत नाही, मीठ घातलेलं पाणी पाजलं तरी फारसा फरक पडत नाही. का पडत नाही हे आतड्याच्या एका पेशीपाशी जाऊन बघावं लागतं.

एका पेशीपाशी

आतड्याच्या आतल्या बाजूला पेशींचा एकच थर असतो. एकच, आणि त्या एका थराच्या अलीकडे आतड्यातला माल आणि पलीकडे रक्त. प्रत्येक पेशीला म्हणून दोन तोंडं, एक पोकळीकडचं आणि एक रक्ताकडचं, आणि दोन्हीकडच्या पटलांत बसवलेली प्रथिनं वेगवेगळी. हे वेगळेपण डोक्यात ठेवा, पुढचं सगळं त्याच्यावर उभं आहे.

पटल स्वतः म्हणजे स्निग्ध पदार्थाचा दुहेरी पापुद्रा. ऑक्सिजन, कार्बन डायऑक्साइड असले लहान, भार नसलेले रेणू त्यातून थेट निघून जातात, जिकडे जास्त तिकडून जिकडे कमी तिकडे, कुणाची मदत लागत नाही. सोडियम, क्लोराइड, पोटॅशियम यांच्यावर विद्युतभार असतो म्हणून हा तेलकट थर त्यांना आत घेत नाही, त्यांना प्रथिनाची वाट लागते. ग्लुकोजला भार नाही पण तो मोठा आणि पाण्याचा लोभी, त्यालाही प्रथिन लागतं. अशी वाट मिळाली आणि पदार्थ आपल्या उतारानेच गेला तर ऊर्जा खर्च होत नाही, याला सुलभ विसरण म्हणतात.

आणि पाणी? आपल्या शरीरात सोडियमला पंप आहे, कॅल्शियमला आहे, जठरातल्या ॲसिडसाठी हायड्रोजनला आहे, पण एटीपी, म्हणजे पेशीचं इंधन, जाळून पाणी ओढणारा पंप कुठेच नाही. आपण जे काही पाणी पितो, ते सगळं परासरणाने, म्हणजे ऑस्मोसिसने हलतं. विरघळलेले कण ज्या बाजूला जास्त, त्या बाजूला पाणी जातं, काही पटलातून, काही त्यातल्या ॲक्वापोरिन नावाच्या मार्गांतून, काही दोन पेशींच्या मधल्या फटींतून. हा जोर किरकोळ समजू नका. विरघळलेले कण मिलिऑस्मोलमध्ये मोजतात, लिटरमागे एका मिलिऑस्मोलचा फरक पडला तर त्याचा दाब साधारण १९ मिलिमीटर पाऱ्याइतका होतो, म्हणजे दहाचा फरक पडला की आपल्या वरच्या ब्लडप्रेशरपेक्षा कितीतरी जास्त. त्यामुळे शरीराला पाणी एका जागेवरून दुसऱ्या जागी न्यायचं असेल तर ते एकच काम करतं, मीठ किंवा साखर तिकडे नेतं, पाणी आपोआप मागे जातं.

निरोगी माणसात लहान आतड्यात दिवसाला ८-९ लिटर द्रव उतरतो. त्यातलं प्यायलेलं दोनेक लिटर, बाकीचे आपलेच पाचकरस. आणि शौचावाटे बाहेर पडतात जेमतेम १००-२०० मिली. उरलेलं सगळं परत रक्तात, एकाही पाण्याच्या पंपाशिवाय. मला हा आकडा दरवेळी थक्क करतो.

आता कॉलऱ्याचा जंतू. तो पेशीत शिरत नाही, पेशी फोडत नाही, आतड्याला जखम करत नाही. तो पोकळीत राहून एक विष सोडतो. हे विष वेगळं असतं हे १९५९ मध्ये कोलकात्यातच शंभुनाथ डे यांनी दाखवलं, सशाच्या आतड्याचा बांधलेला तुकडा घेऊन, त्यात जंतू नसलेला, नुसता जंतू वाढवून गाळून घेतलेला द्रव सोडून. तुकडा पाण्याने टम्म फुगला. केवढा साधा प्रयोग आणि केवढी मोठी गोष्ट, आणि हे नाव आपल्याकडच्या पोरांना माहीतसुद्धा नसतं याचं मला खरंच वाईट वाटतं.

हे विष पेशीला चिकटतं, त्याचा एक भाग आत जातो आणि पेशीतलं एक बटण कायमचं चालू करून ठेवतो, त्यामुळे सायक्लिक एएमपी नावाचा संदेशवाहक आत भरमसाट वाढतो. त्याचा परिणाम दोन ठिकाणी. एक, पोकळीकडच्या पटलातला सीएफटीआर नावाचा क्लोराइडचा मार्ग उघडा पडतो. पेशीत क्लोराइड आधीच साठवलेला असतो, वाट उघडताच तो उताराने पोकळीत वाहायला लागतो, इथे ऊर्जा लागत नाही, हे शुद्ध पॅसिव्ह. क्लोराइड ऋणभारित, तो बाहेर गेला की सोडियम त्याच्या ओढीने पेशींमधल्या फटींतून मागे येतो. मीठ पोकळीत आलं की पाणी आलंच. दुसरा परिणाम असा की मीठ आत घेण्याचा जो नेहमीचा रस्ता, ज्यात सोडियम आणि क्लोराइड एकत्र आत येतात, तो बंद पडतो. म्हणजे बाहेर जाणारा नळ पूर्ण सोडलेला आणि आत येणारा रस्ता बुजलेला. तांदळाच्या धुवणासारखं जे पाणी पडतं ते रक्ताइतकंच खारट असतं ते यामुळे. माणूस मरतो तो जंतूमुळे असं आपण म्हणतो, पण त्याचा जीव घेणारी प्रत्यक्ष घटना म्हणजे उताराने वाहणारा क्लोराइड आणि त्याच्यामागे जाणारं पाणी.

आता नुसतं पाणी पाजलं तर काय होतं? लहान आतड्याचा वरचा भाग चांगलाच गळका असतो, तिथे साधं पाणी पोचलं की रक्तातलं मीठ त्यात उतरतं आणि थोड्याच वेळात ते रक्ताइतकं खारट होऊन बसतं. म्हणजे पाण्याबरोबर अंगातलं आणखी मीठ बाहेर जायची सोय झाली. थोडंफार पाणी रक्तात गेलंच तर रक्तातला सोडियम पातळ होतो, मग पाणी मेंदूच्या पेशींत शिरतं, परासरणानेच, आणि झटके येतात. बरं, मीठ घातलेलं पाणी? सोडियमला आत जायचा नेहमीचा रस्ता बंद, म्हणून ते मीठ पोकळीतच पडून राहतं आणि आपलं पाणी धरून ठेवतं. हे सगळं आज आपण सहज सांगतो. त्या काळातल्या डॉक्टरांनी तोंडाने पाणी देऊन बघितलं होतं, जमत नव्हतं, आणि बऱ्याच जणांची समजूत अशी की कॉलऱ्यात आतड्याचं अस्तरच सोलून निघतं, मग शोषणार कोण. शेवटी १९६० च्या सुमारास बँकॉकमध्ये युजीन गँगारोसा यांनी जिवंत पेशंटच्या आतड्याचे बारीक तुकडे काढून सूक्ष्मदर्शकाखाली बघितले. अस्तर शाबूत होतं.

अस्तर शाबूत म्हणजे बाकीची प्रथिनं शाबूत.

आणि त्यातलंच एक एसजीएलटी-१. हे पोकळीकडच्या पटलात बसलेलं असतं आणि दोन सोडियम व एक ग्लुकोज एकत्र मिळाले की तिघांना मिळून आत घेतं. एकट्या सोडियमला घेत नाही, एकट्या ग्लुकोजलाही नाही. सोडियम आणि ग्लुकोज जोडीने आत जात असणार ही कल्पना रॉबर्ट क्रेन यांनी ऑगस्ट १९६० मध्ये प्रागच्या परिषदेत मांडली, तेव्हा त्यांचा विषय साखरेचं शोषण हा होता, कॉलरा नाही. कॉलऱ्याच्या विषाचा या प्रथिनावर काही परिणाम होत नाही. सायक्लिक एएमपी कितीही वाढू दे, हे आपलं काम करत राहतं.

इथे एक गोष्ट स्पष्ट करतो, कारण परीक्षेत हमखास विचारतात आणि हमखास चुकतं. एसजीएलटी-१ स्वतः एटीपी जाळत नाही, सोडियम त्यातून उताराने येतो आणि ग्लुकोजला सोबत ओढतो. तो उतार टिकतो कशामुळे, तर पेशीच्या रक्ताकडच्या तोंडाला सोडियम-पोटॅशियम पंप आहे, तो आत आलेला सोडियम सतत रक्ताकडे फेकत असतो. विहिरीतून उपसा चालू असला की झरे वाहत राहतात ना, तसं. म्हणून याला पुस्तकात दुय्यम सक्रिय वहन म्हणतात, पूर्ण पॅसिव्ह नाही. पण पुढचे दोन्ही टप्पे पॅसिव्हच: ग्लुकोज रक्ताकडच्या पटलातल्या ग्लूट-२ नावाच्या प्रथिनातून सुलभ विसरणाने बाहेर पडतो, आणि सोडियम व ग्लुकोज पलीकडे गेले म्हणून पाणी परासरणाने त्यांच्यामागे जातं.

म्हणजे गळती थांबवायची नाहीच, थांबवता येतही नाही. सीएफटीआर उघडाच राहणार. फक्त त्याच भिंतीतली दुसरी वाट वापरून जेवढं जातंय तेवढं परत आत आणायचं, आणि ते थोडेच दिवस, कारण आतड्याच्या पेशी काही दिवसांतच झडून त्यांच्या जागी नव्या येतात, त्यांना विष लागलेलं नसतं. तोवर माणूस जिवंत ठेवायचा.

१९६८ मध्ये ढाक्याच्या कॉलरा रिसर्च लॅबोरेटरीत डेव्हिड नेलिन आणि रिचर्ड कॅश यांनी हे पेशंटवर दाखवलं, ग्लुकोज-मिठाचं पाणी तोंडाने दिलं तर सलाईनची गरज साधारण ८० टक्क्यांनी कमी होते. कोलकात्यातही त्याच सुमारास असंच काम झालं होतं. पण हे सगळं वॉर्डात, नर्सच्या देखरेखीखाली, किती आत गेलं किती बाहेर आलं याचं मोजमाप ठेवून. तंबूत, चिखलात, पेशंटच्या बायकोच्या नाहीतर भावाच्या हातात हे देणं धोक्याचं आहे असंच मानलं जायचं.

पिंपाला लावलेला नळ

महालनबीसांनी ते दिलं. दुसरा मार्गच उरला नव्हता.

प्रमाण असं: एक लिटर पाण्याला ग्लुकोज २२ ग्रॅम, मीठ साडेतीन ग्रॅम, खाण्याचा सोडा अडीच ग्रॅम. हे तीनच पदार्थ कारण स्वस्त आणि मिळण्यासारखे. खर्च लिटरमागे ११ पैसे. पोटॅशियम त्यात नव्हतं, खरं तर असायला हवं, जुलाबात तेही जातं, पण त्या घाईत तीन गोष्टींवर भागवलं.

हे आकडे जरा उकलून बघा, मजा वाटेल. २२ ग्रॅम ग्लुकोज म्हणजे १२२ मिलिमोल. साडेतीन ग्रॅम मीठ म्हणजे ६० मिलिमोल, पण पाण्यात त्याचे दोन कण होतात म्हणून १२०. अडीच ग्रॅम सोडा म्हणजे ३०, त्याचेही दोन म्हणून ६०. बेरीज लिटरमागे ३०२ मिलिऑस्मोल. आपलं रक्त साधारण २९० च्या आसपास. म्हणजे हे पाणी रक्ताच्या जवळजवळ बरोबरीचं, आतड्यात पोचल्यावर ते पाणी ओढूनही घेत नाही आणि रक्तातलं मीठही खेचत नाही, आणि एसजीएलटी-१ ने सोडियम-ग्लुकोज उचलायला सुरुवात केली की तराजू रक्ताच्या बाजूला झुकतो. सोडा कशाला, तर जुलाबात बायकार्बोनेट जातं आणि रक्त आंबट होतं, ते भरायला.

कोलकात्याच्या केंद्रातल्या ग्रंथालयाच्या खोलीत माणसं बसून हे पदार्थ वजन करून प्लास्टिकच्या पिशव्यांत भरायची, गरम इस्त्रीने तोंड चिकटवायची. ४ लिटरची पिशवी आणि १६ लिटरची पिशवी. बनगावला मोठ्या पिंपात पाणी, त्यात पिशवी रिकामी करायची, पिंपाला नळ, लोक वाटी-पेला घेऊन येणार आणि आपल्या माणसाला पाजणार. याला नाव दिलं ओरल सलाईन, कारण सलाईन म्हणजे जीव वाचवणारं काहीतरी हे लोकांना ठाऊक होतं आणि नुसतं साखर-मिठाचं पाणी म्हटलं असतं तर कुणी मनावर घेतलं नसतं.

ज्यांची नाडीच लागत नव्हती त्यांना आधी शिरेतूनच द्यावं लागायचं, त्याला पर्याय नाही, शॉकमधल्या बेशुद्ध माणसाच्या तोंडात पाणी ओतता येत नाही. तो जरा शुद्धीवर आला की सुई काढून पेला हातात. त्यामुळे ज्या थोड्या बाटल्या होत्या त्या खरोखर गरज असलेल्यांनाच पुरायला लागल्या. उलटी झाली तरी द्यायचं, थोडं थोडं करत द्यायचं.

नातेवाइकांना समजवायला सगळ्यात अवघड गेली असणार ती गोष्ट आजही तितकीच अवघड आहे: हे पाणी पिऊन जुलाब थांबत नाहीत. सुरुवातीला थांबणारच नाहीत, क्लोराइडची वाट उघडीच आहे. आई बघते, एवढं पाजलं तरी पोराचं चालूच आहे, मग ती पाजणं बंद करते आणि तिथे घात होतो. बघायचं ते डोळे, जीभ, लघवी.

दोन-तीन आठवड्यांत टीमला दिसलं की न शिकलेल्या माणसांच्या हातातही हे चालतंय. मग हे पाणी कसं बनवायचं याची पत्रकं सीमेवर वाटली, आणि बांगलादेशच्या गुप्त रेडिओ केंद्रावरून ते सांगितलं गेलं. जागतिक आरोग्य संघटनेचे डॉ. धीमान बरुआ यांनी हे काम जवळून बघितलं आणि पुढे ते लावून धरलं.

या शिबिरात ३ हजारांहून जास्त पेशंट झाले, आणि मृत्यूचं प्रमाण ३.६ टक्के. हा अहवाल १९७३ मध्ये छापून आला.

आता ३० वरून ३.६ हे सगळं त्या पिंपाचं श्रेय आहे का? मला वाटतं तेवढं सरळ म्हणता येणार नाही. शेजारी दुसरा गट ठेवून, त्यांना वेगळं काही देऊन तुलना केलेली नव्हती, करणं माणुसकीला धरूनही झालं नसतं. टीम आली, तंबू आले, सलाईन नीट वापरलं जाऊ लागलं, याचाही वाटा असणार. पण तोंडावाटे दिलेल्या पाण्याशिवाय तेवढ्याच बाटल्यांत आणि तेवढ्याच हातांत हा आकडा आला असता हे मला अजिबात पटत नाही, आणि त्यानंतर जगभर जिथे जिथे हे वापरलं तिथे तिथे तेच दिसत गेलं. १९७८ मध्ये लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकाने संपादकीयात सोडियम आणि ग्लुकोज जोडीने शोषले जातात या शोधाला विसाव्या शतकातली कदाचित सगळ्यात महत्त्वाची वैद्यकीय प्रगती म्हटलं होतं. महालनबीस २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये गेले, पद्मविभूषण २०२३ मध्ये, मरणोत्तर. जिवंतपणी द्यायला हवा होता, हे माझं स्पष्ट मत.

आपल्या घरात

आता तेच नियम उलटे कसे फिरतात ते बघा, कारण हे आपल्या घरोघरी होतं आणि यात जीव जाऊ शकतो.

ओआरएसचं, म्हणजे याच साखर-मिठाच्या पाण्याच्या भुकटीचं, पाकीट दुकानात दोन मापात मिळतं, साधारण २१ ग्रॅमचं मोठं, एक लिटरसाठी, आणि ४ ग्रॅमच्या आसपासचं छोटं, एका ग्लासाला म्हणजे २०० मिलीला. आशाताई देतात ते बहुतेक मोठं. घाईत बघितलं जात नाही आणि मोठं पाकीट एका ग्लासात ढवळलं जातं. हिशोब करा: आजचं ओआरएस २४५ चं असतं, पाचपट घट्ट झालं की १२२५. रक्त २९० चं. आता पाणी कुठल्या बाजूला जाणार? रक्तातून आतड्यात. आधीच सुकलेल्या पोराच्या अंगातलं पाणी आपण औषध म्हणून पाजलेल्या पेल्याने बाहेर काढतोय, जुलाब वाढणार, आणि जो सोडियम शोषला जाईल तो रक्तात धोकादायक वाढणार. उरलेलं अर्धं पाकीट उद्यासाठी ठेवू हाही तसाच प्रकार, पुडीत कुठला पदार्थ कुठे बसलाय सांगता येत नाही. पाकीट मोठं असेल तर पूर्ण एक लिटर पाणी, लिटरची बाटली मोजून घ्या, बनवलेलं २४ तासांत संपवा, उरलं तर फेका.

कोल्ड्रिंक आणि पॅकबंद ज्यूस यांचंही तेच. त्यांत साखर इतकी की कणांची संख्या ५०० च्या वर जाते, आणि सोडियम जवळजवळ नाही, म्हणजे एसजीएलटी-१ ला जोडीदारच नाही. साखर पोकळीत साठते आणि पाणी ओढते. टेट्रापॅकमधली गोड पेयं ओआरएस नावाखाली विकली जायची त्यावर एका बालरोगतज्ज्ञ बाईंनी वर्षानुवर्षं आवाज उठवला आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये एफएसएसएआय या अन्नसुरक्षेच्या सरकारी संस्थेने पेयांच्या नावात ओआरएस शब्द वापरायला मनाई केली. फार उशिरा झालं, पण झालं ते बरं झालं.

पाकीट नसेल तर घरी एक लिटर स्वच्छ पाण्यात सपाट सहा चमचे साखर आणि सपाट अर्धा चमचा मीठ, चमचा चहाचा. साखर म्हणजे सुक्रोज, ती आतड्याच्या अस्तरावर फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होते, ग्लुकोज सोडियमला घेऊन जातो, फ्रुक्टोज ग्लूट-५ या वेगळ्या प्रथिनातून सुलभ विसरणाने एकटा जातो. मीठ अंदाजाने जास्त पडू देऊ नका, चव डोळ्यातल्या पाण्यापेक्षा खारट लागली तर ओतून द्या आणि परत करा. आणि नाडी क्षीण, पोर मलूल, लघवी बंद असं असेल तर घरी पाजत बसू नका, दवाखाना गाठा.

बनगावचं ३०२ आणि आजचं २४५ यात फरक का पडला हेही सांगायला हवं. मधल्या काळात जागतिक आरोग्य संघटनेचं पाकीट ३११ चं होतं, लिटरमागे सोडियम ९० मिलिमोल, ग्लुकोज १११, आणि त्यात पोटॅशियम २० आलं. पण बहुतेक मुलांचे जुलाब कॉलऱ्याचे नसतात, त्यांच्यात इतकं मीठ जात नाही, आणि थोडं पातळ पाणी दिलं तर रक्ताच्या बाजूला ओढ जरा वाढते, असं दिसलं. अभ्यासांत जुलाबाचं प्रमाण, उलट्या आणि सलाईन लावायची वेळ हे तिन्ही कमी झाले. म्हणून २००२ मध्ये सोडियम ७५, ग्लुकोज ७५ असं नवं सूत्र ठरलं. कॉलऱ्याच्या मोठ्या माणसाला ७५ सोडियम पुरतो का यावर तेव्हा बराच खल झाला, रक्तातला सोडियम थोडा उतरतो हे दिसलंही, पण त्रास होण्याइतका नाही म्हणून एकच पाकीट सगळ्यांना ठेवलं गेलं. दोन प्रकारची पाकिटं गावोगावच्या केंद्रात ठेवली असती तर चुकीचं पाकीट चुकीच्या हातात गेलं असतं, त्यामुळे मला हा निर्णय योग्य वाटतो.

आणि कोकण-गोव्याकडची मिठाची पेज, तीही याच हिशोबात बसते. ग्लुकोज वाढवला की सोडियम जास्त ओढला जातो पण कणांची संख्याही वाढते, ही अडचण. तांदळाचा स्टार्च म्हणजे शेकडो-हजारो ग्लुकोज एकाच साखळीत ओवलेले, परासरणाच्या हिशोबात ती अख्खी साखळी एकच कण. आतड्यात ती हळूहळू तुटते, तुटलेला ग्लुकोज लगेच उचलला जातो, पोकळीत साठत नाही. तांदळाचं ओआरएस कॉलऱ्यात वापरून बघितलंय आणि त्यात जुलाबाचं पाणी खरोखर कमी होतं, जे ग्लुकोजच्या ओआरएसने होत नाही. म्हणजे आईला हवा तो परिणाम. मग नेहमीच्या पाकिटात तांदूळ का नाही? कारण ते शिजवावं लागतं, इंधन लागतं, वेळ लागतो आणि उन्हाळ्यात काही तासांत आंबतं, आणि पिंपाजवळ रांग लागलेली असते तेव्हा नुसतं ढवळून देता येईल असंच काहीतरी हवं असतं.